मोशेमामाच्या कबरीपाशी दहा माणसं

ठाण्याहून आमची भाड्याची मॅटाडोर निघाली तेव्हा आत एक जागा रिकामी होती. सॅमसनभाऊंची साखर अचानक वाढली होती आणि त्यांच्या सुनेनं दारातूनच हात जोडले होते. एरवी एक माणूस कमी झालं म्हणजे पाय पसरायला मिळतील म्हणून मी खूश झाले असते. पण त्या रविवारी आम्हाला नाशिकला दहा पुरुष न्यायचे होते आणि गाडीत होते नऊ.

"नऊ म्हणजे काहीच नाही," डॅनियलकाका म्हणाले. ते आमच्या सिनेगॉगचे हजान (प्रार्थना चालवणारे). शब्दाला पक्के आणि स्वभावाला त्याहून पक्के.

"दहावा नाशिकला मिळेल," शमुवेलमामा ड्रायव्हरशेजारून मागे न बघता म्हणाले. "गाडी सोडा."

शमुवेलमामा म्हणजे माझ्या आईचे थोरले भाऊ. वय पंचाहत्तरीच्या पुढे, गुडघे कामातून गेलेले, पण एकदा ठरवलं की ठरवलं. त्या वर्षी त्यांनी ठरवलं होतं की दारफाळणीच्या सणाआधी धाकट्या भावाच्या कबरीवर जाऊन माफी मागायची. आम्ही बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू. पूर्वज तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचे, म्हणून गावोगाव लोक आम्हाला शनवार तेली म्हणत. दारफाळणीचा सण (योम किप्पूर, प्रायश्चित्ताचा उपास) आमचा वर्षातला सर्वांत मोठा दिवस. दारं लावून, पांढरे कपडे घालून, देवाकडे वर्षभराच्या पापांची क्षमा मागायची. नव्वदच्या दशकातली ही गोष्ट. त्या वर्षी हा सण आणि दसरा एकाच आठवड्यात आले होते.

मामांचं पाप काय ते सांगून टाकते, कारण गाडीत बसलेल्या प्रत्येकाला ते माहीत होतं. धाकट्या मोशेमामानं नाशिककडच्या एका माळ्याच्या मुलीशी लग्न केलं. पुढे आजोबा वारले. दफनाच्या वेळी कद्दिश (मृतासाठीची प्रार्थना) म्हणायला दहा पुरुष लागतात. आमच्यात माणसं आकड्यांनी मोजत नाहीत. दहा शब्दांचं एक वचन आहे, त्यातला एकेक शब्द एकेका माणसावर ठेवत जायचं. शमुवेलमामांनी वचन म्हणायला सुरुवात केली आणि मोशेमामापाशी आल्यावर त्याला वगळून पुढच्यावर शब्द ठेवला. शेवटचा शब्द तोंडातच राहिला. "एक कमी आहे," ते म्हणाले, आणि सगळे दहाव्याची वाट बघत उभे राहिले. सख्खा मुलगा बापाच्या खड्ड्याशी उभा होता आणि त्याला धरून दहा पूर्ण होत होते. कुणीतरी सायकलवरून जाऊन दुसऱ्या गावातला एक म्हातारा आणला. मोशेमामा माती टाकून निघून गेला तो पुन्हा ठाण्याला आला नाही. सातपूरच्या कारखान्यात त्याची उभी नोकरी झाली आणि दोन वर्षांपूर्वी तो तिकडेच गेला.

मी शाळेत इतिहास शिकवते. मामांनी मला कामाला लावलं होतं. तालमूद (आमच्या जुन्या धर्मपंडितांचे कायद्यावरचे वादविवाद) इकडे फार कुणी वाचत नाही. मी एका ग्रंथालयातून हव्या त्या पानांच्या झेरॉक्स काढून आणल्या होत्या, एका बाजूला हिब्रू आणि दुसऱ्या बाजूला इंग्रजी. मामांसाठी त्याचं मराठी करून दिलं होतं. मतलब असा: देवाचं पाप केलं असेल तर उपासानं फिटतं. माणसाचं केलं असेल तर त्या माणसाची समजूत काढल्याशिवाय कोणताही उपास ते फेडत नाही. आणि तो माणूस मेला असेल तर आपल्याशिवाय दहा जणांना त्याच्या कबरीपाशी उभं करून त्यांच्यादेखत आपलं पाप बोलून दाखवायचं.

कसारा घाट चढताना धुकं होतं. पाऊस संपत आला होता, डोंगरांवर अजून हिरवं होतं आणि कड्यांवरून बारीक बारीक पाणी पडत होतं. मागच्या बाकावर दोघांना मळमळायला लागलं, म्हणून वळणावर थांबलो. तिथे माकडांनी आमची केळी पळवली. डॅनियलकाका त्यांच्या मागे काठी घेऊन धावले आणि हात हलवत परत आले.

"काका, मला एक सांगा," गाडी पुन्हा सुरू झाल्यावर मी विचारलं. "पाप केलं तरी इस्राएल तो इस्राएलच राहतो, असं आपल्याच पंडितांनी म्हटलंय ना? मग मोशेमामाला वगळायचा अधिकार कुणाला होता?"

"कुणालाच नव्हता," काका म्हणाले. "तो मोजायलाच हवा होता. शमुवेल चुकला. म्हणून तर चाललोय."

"हे तेव्हा का नाही बोललात?"

"तेव्हा मी विशीतला. शमुवेलपुढे कोण बोलणार?"

मामा पुढे ताठ बसले होते. त्यांना सगळं ऐकू येत होतं. "काकाला छळू नकोस, लिये," ते म्हणाले. "मला विचार. मला राग आला होता. कायदा मी नंतर शोधला."

इगतपुरीला चहा झाला. शमुवेलमामांच्या बायकोनं, थोरल्या मामीनं, सणाचा चिकाचा हलवा (गव्हाचा चीक आणि नारळाचं दूध आटवून केलेला) डबा भरून दिला होता, तो सगळ्यांनी खाल्ला. मामांनी तोंडात पाण्याशिवाय काही घेतलं नाही. घोटी मागे पडल्यावर रस्ता सपाट झाला, भाताची खाचरं संपली आणि टोमॅटोचे मांडव दिसू लागले.

दहावा माणूस देवळालीला राहत होता, निदान आमची तशी समजूत होती. लष्कराच्या नोकरीतून निवृत्त झालेला आमच्यातलाच एक जण. बंगल्याला कुलूप होतं. शेजारच्या बाई कुंपणावर ओला टॉवेल टाकत होत्या.

"ते इस्रायलला गेले हो, मुलीकडे," त्या म्हणाल्या. "गणपतीच्या आधीच. आता तिकडंच राहणार म्हणे. तुम्हाला नाही कळवलं?"

आम्हाला कुणी कळवलं नव्हतं. नाशिकला पोचून एका मिसळीच्या हॉटेलात सगळे बसले. लाल तर्री, वर पापड, बाजूला दही. नऊही जणांनी नाक पुसत मिसळ हाणली, पण बोलणं एकाच विषयाचं. कुणी म्हणालं परत जाऊ, पुढच्या आठवड्यात येऊ. पण पुढच्या आठवड्यात सण. कुणी म्हणालं मुंबईला फोन लावू. मामा बाहेर मॅटाडोरच्या पायरीवर बसून होते. मी चहा घेऊन गेले.

"तुम्ही म्हणाल तर परत फिरू," मी म्हटलं.

"मी म्हणणार नाही," ते म्हणाले.

शहराच्या बाहेर मखमलाबादच्या बाजूला फुलांचे मळे आहेत. नवरात्र चालू होतं, त्यामुळे वाटेवर झेंडूच्या क्रेट भरलेले टेम्पो आडवेतिडवे उभे. एका टेम्पोवाल्याला मी मोशे मेस्त्रींच्या घराचा पत्ता विचारला.

"मोशे कोण?" तो कपाळाला आठ्या घालून म्हणाला. मग त्याचा चेहरा उजळला. "हां, शनिवारवाले मेस्त्री! सरळ जा, विहिरीपासून उजवीकडं. समाधी शेतातच हाय."

"शनिवारवाले का म्हणता?"

"सातपूरला शनिवारची सुट्टी आसती ना. बाकीचे लोक ओव्हरटाइमला जायचे शनिवारी, डबल पैसे. हे नाय गेले कधी. देव आला तरी नाय म्हणायचे."

मी मामांकडे बघितलं. त्यांनी चष्मा काढून पुसला आणि परत घातला. ज्याला त्यांनी आपल्यातून वगळलं, तो परक्या गावात शनिवारवरून ओळखला जात होता. मला त्या क्षणी मामांचा राग आला आणि त्यांची दयाही आली, आणि दोन्ही त्यांना दिसू नये म्हणून मी खिडकीबाहेर बघत बसले.

मळ्यात शिरलो तर सगळीकडे झेंडू. बायका वाकून तोडत होत्या. त्यांतली एक उभी राहिली, कमरेची फुलांची ओटी सोडून पाटीत रिकामी केली आणि आमच्याकडे चालत आली. सावळी, काटक, केस पांढरे झालेले. ही आशामामी, मोशेमामाची बायको. मी तिला जन्मात पहिल्यांदा बघत होते.

"मी लिया," मी म्हटलं. "मोशेमामाची भाची."

"वळखलं. त्येंच्यासारखंच नाक हाय." ती माझ्या गालाला हात लावून म्हणाली. मग तिची नजर मागे गेली. गुडघ्यांवर हात ठेवत मामा उतरत होते. "आन् हे थोरले."

मी घाईघाईनं सगळं सांगितलं. दहा माणसं, माफी, तालमूद, दारफाळणी. ती ऐकत राहिली. तेवढ्यात तिचा मुलगा रवी पंप बंद करून आला. पंचविशीचा, बापाच्याच कारखान्यात लागलेला.

"म्हणजे पप्पांची माफी मागायला आलेत, पण एक आदमी कमी आहे," तो म्हणाला. "मग काय, प्रोग्राम कॅन्सल?"

मामी पुढे चालू लागली. कबर बांधाजवळ होती, उंबराखाली. विटांचा साधा चौथरा, वर सहा कोनांचा तारा कुणीतरी हातानं कोरलेला, थोडा वाकडा. चारी बाजूंनी झेंडू लावलेला.

"पुरायचं म्हणून बोलले होते जाताना," मामी म्हणाली. "गावात जागा नाय. माज्या भावानं शेतात दिली."

मामा चौथऱ्याकडे बघत उभे राहिले. मग रवीकडे वळले. "हा दहावा," ते म्हणाले.

डॅनियलकाका पुढे आले. "शमुवेल, मला पाप लागेल असं नको बोलू. मोशेची गोष्ट वेगळी, तो आपल्या आईच्या पोटचा. याची आई आपली नाही. कायद्यानं मूल आईचं. याला मोजता येत नाही. मी कायदा केलेला नाही, मी फक्त सांगतोय."

"बघा," रवी आईला म्हणाला. "सेम टू सेम."

माझं डोकंच फिरलं. एवढा घाट चढून, माकडांना केळी देऊन, पुन्हा तोच प्रसंग तशाच खड्ड्याशी. "काका," मी झेरॉक्स त्यांच्या पुढ्यात धरली, "कुठं लिहिलंय ते वाचून दाखवा. माझ्या मराठीवर जाऊ नका, मी इंग्रजीवरून केलंय. मूळ वाचा. मोठ्यानं."

काकांनी हिब्रू वाचायला सुरुवात केली. लहानपणापासून तोंडात बसलेली भाषा, कागदाकडे नीट बघायचीही गरज नाही. "आसारा बेने इस्राएल," ते ठणकावून म्हणाले. "दहा बेने इस्राएल. ऐकलंस?"

मला हिब्रू मोडकंतोडकं येतं, अक्षरं जोडत जोडत. पण इस्राएल हा शब्द मी झोपेतही ओळखेन. आमच्या नावात आहे, सिनेगॉगच्या पाटीवर आहे. त्या ओळीत तो नव्हता.

"काका, तिथं इस्राएल नाहीये."

"नसायला काय झालं?" त्यांनी चष्मा वर सरकवला, कागद डोळ्यांजवळ नेला. बोट ठेवून वाचलं. "आसारा... बेने..." आणि थांबले. बेने म्हटलं की आमच्या जिभेवर पुढे इस्राएलच येतं. जन्मभर तीच सवय. त्यांनी पुन्हा पहिल्यापासून वाचलं. "आसारा बेने... आदम."

"म्हणजे?" मामी म्हणाली.

"आदमची मुलं," काका हळू आवाजात म्हणाले. "माणसं. दहा माणसं." त्यांनी कागद उलटून मागचं पान बघितलं, जणू तिथं काही सुटका असेल. ते कठोर होते, पण खोटे नव्हते. "कद्दिशला हा चालणार नाही. ते मी कधीच म्हणणार नाही. पण हे कद्दिश नाही. याला पंडितांनी माणसं म्हटलंय."

मला हसू आलं आणि रागही आला. "म्हणजे ठाण्यापासून दहावी मी गाडीत बसून आलेय! आणि अकरावा गाडी चालवत होता. आपण देवळालीला उगाच फिरलो."

सगळे हसले, ड्रायव्हरसुद्धा. काकांचा चेहरा एकदम मोकळा झाला. "बरोबर! लिया आहे ना. लिया दहावी. मग या मुलाला कशाला त्रास? प्रश्न मिटला."

"मिटला नाही," मामा म्हणाले.

त्यांचा आवाज चढला नव्हता, पण हसणं थांबलं. "दहा भरावेत म्हणून याला घ्यायचं नाही, आणि दहा भरलेत म्हणून सोडायचंही नाही. मला याला मोजायचंय. तुमच्यातला एक जण बाजूला बसा. कोण बसतो?"

मग डॅनियलकाका स्वतः मागे सरकले आणि बांधावर जाऊन बसले. माझ्या मनातून त्यांच्याबद्दलचा सगळा राग तिथल्या तिथं उतरला.

रवी मात्र जागचा हलला नाही. "मला कुणी विचारलं का?" तो म्हणाला. "माझे पप्पा हर शुक्रवारी संध्याकाळी शनिवारचा दिवा लावून एकटेच बसायचे. एकटे. आणि आता हे गिनती करणार आहेत माझी?"

"उभा राहा," मामी म्हणाली.

"मम्मी..."

"त्यांच्यासाठी नाय. तुझ्या बापासाठी."

तो चौथऱ्याच्या एका कोपऱ्याशी जाऊन हाताची घडी घालून उभा राहिला. आम्ही बाकीचे अर्धगोलात. मामा काठी टेकत त्याच्यासमोर गेले. मोजणी नेहमी थोरल्यापासून सुरू होते. त्यांनी ती रवीपासून सुरू केली. त्या वचनाचा पहिला शब्द होशिया, म्हणजे तार, वाचव. तो त्यांनी रवीच्या खांद्यावर हात ठेवून म्हटला. मग एकेक करत अर्धगोल फिरत आले आणि शेवटचा शब्द माझ्यावर आला. बायकांना आमच्यात कधी मोजत नाहीत. माझ्या खांद्यावर त्यांचा हात पडला तेव्हा मला रडू फुटलं, आणि मी ते दाबायचा प्रयत्न केला नाही.

मग मामा कबरीकडे तोंड करून उभे राहिले. हिब्रूतलं ठरलेलं वाक्य म्हणून झाल्यावर मराठीत बोलले. "इस्राएलच्या देवाचं मी पाप केलं, आणि माझा भाऊ मोशे याचं. बापाच्या खड्ड्याशी तो उभा होता. मला दिसत होता. मी म्हटलं, एक कमी आहे. कमी नव्हता." मी धरायला हात पुढे केला, तो त्यांनी बाजूला सारला. "तो जिवंत होता तोवर मला यायला तोंड नव्हतं. आता आलोय."

रिवाज असा की अशा वेळी जमलेल्यांनी तीनदा म्हणायचं, तुला माफ आहे. आम्ही म्हटलं. पहिल्यांदा आणि दुसऱ्यांदा रवीचे ओठ मिटलेले होते. तिसऱ्या खेपेला त्यानं काहीतरी पुटपुटलं. काय ते मला ऐकू आलं नाही आणि मी विचारलंही नाही.

मामा वळले आणि आशामामीसमोर गेले. हे ठरलेल्या कार्यक्रमात नव्हतं. "तुझंही पाप केलंय मी," ते म्हणाले. "तुझं नाव कधी घेतलं नाही घरात. तू जिवंत आहेस, म्हणून तुला वेगळं मागितलं पाहिजे. मला माफ कर."

मामीनं पदर डोक्यावरून पुढे ओढून घेतला. तिच्याकडे थोरल्या दिरासमोर तसा घेतात. लग्नानंतर इतक्या वर्षांत पहिल्यांदा तिला तसा घ्यायला दीर समोर मिळाला असावा. आणि पदराआडून, शांतपणे, ती म्हणाली, "आज नाय."

मामांनी मान हलवली.

"लय वर्सं हे सणाला दारं लावून आत बसायचे. मी बाहेर ओट्यावर. आत येऊन बस म्हणायचे, तर मी म्हणायची, तुमच्या लोकांचा सण, मी कशाला. आज तुम्ही आलात, बरं केलंत. पण माजं मन नाय झालं. खोटं कशाला बोलू? पुन्हा या."

तिनं आम्हाला जेवल्याशिवाय सोडलं नाही. पिठलं, बाजरीची भाकरी, ठेचा. मामांनी दिवसभरात पहिल्यांदा जेवण घेतलं, तेही तिनं दुसऱ्यांदा वाढलेलं. निघताना रवीनं झेंडूची एक क्रेट गाडीत टाकली आणि दार जरा जोरातच लावलं.

परतीच्या वाटेवर कसारा घाटात पुन्हा धुकं लागलं. मागे सगळे पेंगत होते. मी मामांच्या शेजारी पुढे येऊन बसले होते, त्यांना बरं वाटत नसेल या काळजीनं. पण ते टक्क जागे होते. मी दहा पानांचं भाषांतर करून त्यांना दिलं होतं आणि मला वाटत होतं की कायदा हा माणसाला मोकळं करण्यासाठी असतो: इतकं केलं की फिटलं, घरी जा. मामा त्यातून भलतंच काहीतरी शिकले होते, हे मला त्या घाटात कळलं.

"जिवंत माणसाकडे किती वेळा जायचं लिहिलंय?" त्यांनी विचारलं.

"तीन वेळा. दर वेळी तीन माणसं सोबत."

"म्हणजे पुढच्या वेळी साधी जीप पुरेल. दिवाळीनंतर जाऊ." त्यांनी धुक्यानं भिजलेली काच पुसली. "आणि तिसऱ्यांदाही नाही म्हणाली तर?"

"तर तुम्ही सुटलात. पुढं मागायची गरज नाही, असं लिहिलंय."

"नक्की?"

"नक्की. मूळ हिब्रूत बघितलंय या वेळी."

वळण घेताना समोरून एक ट्रक आला. त्याच्या दिव्यांचा उजेड त्यांच्या तोंडावर पडला आणि गेला.

"हे आशाला कधी सांगू नकोस," मामा म्हणाले. "तिला वाटू दे, ती म्हणेल तोवर मला यावंच लागतं."